मांडवासाठी लावलेली बाडी

जमलेल्या सगळ्यांना माझा रामराम.

मी गजानन. ज्याच्यासाठी आपण आज जमलो, त्या देवाजींचा पुतण्या. देवाजी म्हणजे माझा मोठाबा, बाबांचा मोठा भाऊ. सातवीत शाळा सोडली, आता हैदराबादला टाइल्स बसवतो. माईक हातात घेऊन बोलायची सवय नाही.  पण बोलल्याशिवाय खाली बसणार नाही. कोणी खालून शर्ट ओढू नका.

मोठाबाबद्दल चांगलं सगळ्यांनी सांगितलं. माणूस सरळ होता, बोडीच्या, म्हणजे गावतळ्याच्या पाण्यावरून कधी भांडला नाही, चिचगडच्या बाजारात कधी खोटं वजन केलं नाही. खरं आहे सगळं. मला फक्त त्याच्या बाडीबद्दल बोलायचं आहे. या घराच्या मागं आहे ती भाजीची बाडी. आठ दिवसांपूर्वी मी आलो तेव्हापासून तिचं फाटक बंद आहे. मोठाबा पाणी देताना तिथंच पडला, वांग्याच्या वाफ्यात. तेव्हापासून आत कोणी पाय ठेवला नाही.

का नाही ठेवला?

सकाळी मी माझ्या बाबांना विचारलं. बाबा इथंच बसले आहेत, पहिल्या ओळीत. मी म्हटलं, "बाबा, बाडीत कोनी कायले जाऊन नाही राहिलं?"

ते म्हणाले, "तुले नाही समजत. तू दोन दिवसाचा पाहुना."

पाहुणा तर पाहुणा. पण पाहुण्याला डोळे असतात. मी कुंपणावरून पाहिलं. वांगी पिवळी पडली आहेत, बाबा. टरारली आहेत झाडावर.

मंडळी, ही बाडी कशाची आहे, हे या गावात सगळ्यांना माहीत आहे. तिरोड्याचे पाहुणे, नवरदेवाकडचे, आले आहेत, त्यांच्यासाठी सांगतो. रेखा मोठाबा-मोठाईची एकुलती एक मुलगी, हे तुम्हाला माहीतच आहे. तिचं लग्न जमलं, त्याच संध्याकाळी मोठाबानं अंगणात राखेनं रेघा मारल्या. आधी वाफे नाही मोजले. आधी पंगती मोजल्या. तुमच्याकडची माणसं किती, आपल्याकडची किती, न बोलावता येणारी किती. मग एका पंगतीला किती टोपल्या वांगी, किती पोपटाच्या, म्हणजे वालाच्या शेंगा. मग लग्नाच्या तारखेपासून उलटं मागं येत रोप टाकायचा दिवस धरला. माझा दोस्त म्हणाला, "मोठाबा, केटरर सांगा, गोंदियावरून गाडीभर भाजी येते." मोठाबा म्हणाला, "गाडीभर येते, पन कोनाच्या हातची येते?"

आपल्या घरची ही रीत आहे. मांडवातली भाजी घरच्या बाडीची. आजोबानं पाळली, मोठाबानं पाळली.

दर रविवारी मोठाबा मला व्हिडिओ कॉल करायचा. मोबाइल उलटा धरायचा. अर्धा वेळ त्याचा कानच दिसायचा. एकदा त्यानं फाटकाजवळचं झाड दाखवलं. वांग्यांनी लदलेलं. मी म्हटलं, "मोठाबा, अशानं तं दोन मांडव होतील!"

तो हसला. म्हणाला, "त्या झाडाकडं काय पायतस? त्याच्या बुडाले शेणाचा खड्डा हाय. ते फुगनारच. अंदाज बांधाचा तं मधल्या झाडावर बांधाव." आणि मोबाइल घेऊन वाफ्याच्या मधे गेला. एक साधं झाड. ना मरतुकडं, ना माजलेलं. त्याच्यावरची वांगी बोटानं मोजली. त्यातून वानरांचा वाटा काढला. किडक्यांचा काढला. कुंपणावरून मागणाऱ्या बायांचा काढला. उरलं ते मांडवाचं.

मी विचारलं, "मंग पुरन का?"

"नाही पुरत. म्हनून वरच्या अंगाले आनखी दोन वाफे टाकून राहिलो."

असा माणूस होता. आधी वानराचा वाटा काढायचा, मग स्वतःचा.

आणि आता ऐका. काल दुकानापाशी एक जण म्हणाला, "पोरीचा पायगुण असा, की लग्न जमलं आन् बाप गेला." मी त्याचं नाव घेत नाही. तो इथंच बसला आहे. त्यालाही मोठाबानं कुंपणावरून वांगी दिली आहेत, टोपली भरून. भाऊ, तेव्हा पायगुण नाही का विचारला?

दुसरं कोणी म्हणते, लग्न वर्षभर पुढं ढकला. तिसरं म्हणते, जिथं माणूस पडला तिथली भाजी मांडवात चालत नाही. तिरोड्याचे पाहुणे तीन वेळा येऊन गेले. तीनही वेळा आपण त्यांना चहा दिला आणि उत्तर दिलं नाही. ते काय समजतील? रेखा काय समजेल? आठ दिवस ती कुंपणाला धरून उभी राहते. मी म्हटलं, "रेखा, आत जाऊन तोडून आन." ती म्हणाली, "मी तोडली तं म्हनतील, बाप जाऊन पंधरा दिवस नाही झाले आन् हिले लग्नाची घाई."

बोला. 

बाबा, तुम्हाला राग येऊन राहिला आहे. दिसते मला. येऊ द्या. पण एक आठवा. आजी गेली तेव्हा पावसाळा होता. भेंडीचा तोडा आला होता. तुम्ही म्हणाले होते, सुतक आहे, राहू द्या. मोठाबा तिसऱ्या दिवशी टोपली घेऊन आत गेला. लोक तोंडाला पदर लावून बोलले. तो काय म्हणाला, ते तुम्हीच मला कितीदा सांगितलं आहे, हसत हसत. "भेंडीले सुतक नसते."

तो असं का म्हणाला, ते मला आता कळते. वांगं काय, भेंडी काय, तोडलं नाही तर झाडाला वाटते, आपलं काम झालं. बी धरलं, संपलं. मग ते फुलणं सोडते. आपण मोठाबाचा मान ठेवतो म्हणून फाटक बंद ठेवलं, आणि तिकडं त्याची झाडं थांबून राहिली आहेत. वर्षभर थांबू म्हणता. झाड वर्षभर थांबत नाही.

आज तेरवी झाली. सुतक फिटलं. लग्नाला पंधरवडा आहे. वरचे दोन वाफे उशिरा लावले होते, ते आत्ता फुलावर आहेत. खालची पिवळी वांगी आज काढली, पाणी दिलं, तर मांडवाला भाजी होते. मी मधलं झाड पाहून सांगतो आहे. फाटकाजवळचं पाहून नाही.

मी पोरसवदा माणूस, एका जागी टिकत नाही. मोठाबा मला वानरच म्हणायचा, या फांदीवरून त्या फांदीवर. म्हणून इथं राहून शेती करीन असं मी म्हणणार नाही. ते लदलेल्या झाडावरचा अंदाज होईल. उद्याचं तिकीट आहे, ते रद्द करतो. लग्नापर्यंत पाणी मी देतो. एवढंच माझ्या अंगात आहे, एवढंच सांगतो.

व्याहीबुवा, तुम्ही वयानं मोठे, चुकलं तर पदरात घ्या. फाटकाजवळ मी टोपल्या ठेवल्या आहेत. पहिलं वांगं तुम्ही तोडा. तोडायचं नसेल, तर तेही इथंच, सगळ्यांसमोर सांगा. रेखाला अजून कुंपणाजवळ उभं ठेवू नका.

आणि बाबा, दुसरं वांगं तुमचं.

मोठाई, तू उठू नको, बसूनच राहा.

बाकीचे सगळे उभे राहू. ज्यानं आधी दुसऱ्यांचे वाटे काढले, त्याच्यासाठी थोडा वेळ गप्प राहू. कोणी घड्याळ पाहू नका. मला वाटेल तेव्हा मी जाऊन फाटक उघडीन. कडीचा आवाज आला, की समजा झालं.

मोठाबा, रामराम.