माळावरचा लांडगा आन मागावरचा आवाज

…आन वर मलाच म्हणत्यात, लांडगा तुमच्यामुळं पळाला! आता तुमीच सांगा, मी त्येला दगड मारला? काठी उगारली? न्हाय! मी फकस्त एक वाक्य बोललो. एकच! त्ये बी हळू! म्हंजे… माझ्या मनात तरी हळूच हुतं की!

पर थांबा, असं मधनंच न्हाय कळायचं. पयल्यापासनं सांगतो. मी शिवयोगी. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेलच्या मागावर हाय, बावीस वर्सं झाली. तुमी कदी मागाच्या कारखान्यात पाय ठेवलाव का? न्हाय न्हवं? मग तुमाला आवाज म्हंजे काय ठावंच न्हाय! चोवीस माग एकदम… खटाक खटाक खटाक खटाक… शेजारचा माणूस मेला, तर त्येनं सोता येऊन सांगावं लागतं! म्हणून आमी बोलतोच हातानं. सूत तुटलं, दोन बोटं फाकवायची. च्या आला, अंगठा व्हटाला लावायचा. आन मालक आला, की शर्टाची कॉलर वडायची. एवढं करून तोंडानं बोलायची पाळी आलीच, तर बेंबीच्या देठापासनं!

मग कान ऱ्हातोय व्हय? डाक्टर म्हणला, "शिवयोगी, बारीक आवाज गेले तुमचे. पाखरं, रातकिडे, पानांची सळसळ, आता विसरा. आणि हे हळूहळू वाढतच जाणार." मी म्हणलो, "काय?" त्यो बिचारा परत पयल्यापासनं म्हणला.

तुमाला सांगतो, पाखरू जातंय म्हणं! आपल्याला पाखराची कवा फिकीर हुती? पर जातंय म्हणलं की लई आठवतंय बगा.

आन त्याच हप्त्यात, आमच्या गल्लीतल्या वाचनालयात, एक पुस्तक घावलं. जंगलाचं. कव्हर फाटलेलं, मधली चार पानं वाळवीनं खाल्लेली. पयल्याच पानावर लिवलेलं, जंगल बोलतं, माणसानं ऐकायचं. फुडं काय सांगू… म्हवाचं फूल गळून पडल्याचा आवाज! हरणानं कान झटकल्याचा आवाज! आन मला ऐकाया आलं की हो! शप्पत! डाक्टरनं जे जे गेलं म्हणून सांगितलं, त्ये समदं त्या पुस्तकात जाऊन बसलेलं!

झालं! तवापासनं वाचनालयातली जंगलाची कपाटंच्या कपाटं रिकामी केली. जेवणाच्या सुट्टीत टॉवेलच्या गठ्ठ्यावर बसायचं, पुस्तक उघडायचं… वरच्या काचेतनं ऊन खाली यायलंय, उनात कापसाचं तूस तरंगायलंय, सावरीची म्हातारी उडती तसं… आन त्यो खटाक खटाक हुतोय ना, त्यो हळूहळू लांब जातोय… धबधबा हुतोय त्येचा… नऊ नंबर आन दहा नंबरच्या मागामधनं वाघीण खाली उतरती, पाण्याला तोंड लावती, तिच्या मिशीवर थेंब…

"अरे शिवयोगीऽऽ! नौ नंबर का धागा टूटेला है! किधर है रे तू?" ह्ये आमचं इसूफभाई, मुकादम. सुट्टी संपून अर्धा तास झाल्याला!

मी म्हणलो, "नदीवर!"

अर्ध्या दिसाची हजेरी कापली. जंगल बोलतं, माणसानं ऐकायचं… ह्ये इसूफभाईला कोण सांगणार?

पर जिवाला एक लागलं. उरलेला कान बी जायच्या आत, एकदा, एकदाच, खरं रानटी जनावर डोळ्यानं बगायचं. आन त्येचा आवाज ऐकायचा. पुस्तकातनं न्हाय, कानानं! आता सोलापुरात जंगल कुटं? झाड म्हणलं तर बाभळ, आन नदी म्हणलं तर नळाला पाणी येतंय त्यो दिवस! पर आमच्या गावचा बिरप्पा हाय, मेंढरं घिऊन नान्नजकडच्या माळावर असतोय. त्येला फोन केला, "बिरप्पा, तिकडं लांडगा हाय म्हणं?"

"हाय की!"

"दाखीवतोस का?"

"त्यात काय बगायचं? आमच्याकडं जेवायला येतोय त्यो!"

बगा! माझं सपान आन त्येचा पावना!

ठरलं. सुट्टीच्या दिशी पहाटं निघायचं. मी हिरवा शर्ट घेतला, हिरवी प्यांट, हिरवी टोपी. का? तर हिरव्यात हिरवं मिसळलं की जनावराला माणूस दिसत न्हाय. पुस्तकात लिवलंय! सोजर, म्हंजे माझी बायको, त्याच कारखान्यात टॉवेलला शिलाई मारती, तिनं दारातच वरनं खालपतोर बगितलं. "अवो, पोपट दिसायलाव." मी म्हणलो, तुला जंगलातलं काय कळतंय? तिनं भाकरी बांदली, शेंगाची चटणी घेतली, आपली भुरकी साडी नेसली आन गाडीवर मागं बसली.

माळावर पोचलो तर… आता ह्ये कुटल्याच पुस्तकात न्हाय बगा! माळ पिवळा! जानेवारीचं वाळकं गवात, नजर जाईल तितवर पिवळंच पिवळं, आन त्येच्या मदोमद मी, हिरवागार! बिरप्पा पोट धरून हसाया लागला. "शिवूअण्णा, दोन कोसावरनं दिसताव की! मेंढरं चारा समजून खातील तुमाला!" त्येनं आपली घोंगडी माझ्या अंगावर टाकली. घोंगडीला मेंढराचा असा वास, असा वास… सोजर म्हणली, "आता नक्की यील लांडगा." आन सोता? बसली तशी गवतात गपकन नाहीशी! भुरकी साडी न्हवं! मला माझी बायको दिसंना!

बसलो. मी बजावून सांगितलं, कुणी शबूद काढायचा न्हाय. जंगल बोलतं, माणसानं ऐकायचं! ह्ये सुद्दा मी इतक्या हळू सांगितलं, की बिरप्पाची दोन कोकरं दचकून उठली.

मग… काय सांगू तुमाला. तांबडा सूर्य हळूहळू वर याया लागला. गवताच्या शेंड्याशेंड्याला उजेड लागायला. वारं आलं की समदा माळ एकदम वाकायचा, परत उठायचा. त्येचा आवाज हुता का न्हवता, मला ठावं न्हाय. मी आपला मनातल्या मनात पुस्तकातला आवाज त्येला लावून बगत हुतो… सळसळ… सळसळ… बसत हुता बरोबर. चोवीस माग बंद पडल्यावर असं वाटतंय बगा. असं वाटलं, हितंच ऱ्हावं. घोंगडीसकट.

आन तेवड्यात सोजर गवतातनं वर आली आन गळ्यापाशी पदराचा काठ वडला. कॉलर! मालक आला! बावीस वर्साची सवय, मी धडपडून उठाया लागलो, हात मागाचा दांडा शोधायला… आन मग बगितलं. बांधावर. लांडगा!

गवताच्याच रंगाचा. उंच. बारीक. आन रुबाब? आमच्या मालकाला चार गाड्या असून न्हाय त्यो रुबाब! त्यो आमच्याकडं बगत हुता, म्हंजे कुणाकडं बी न बगता बगत हुता. मग त्येनं मान वर केली, डोळं मिटलं… आन…

ऊऽऽऽऽऽ…

आलं! अवो, ऐकाया आलं! पुस्तकातनं न्हाय! जाडाभरडा आवाज, छातीत शिरणारा, डाक्टरनं न न्हेलेला! माझ्या डोळ्यातनं पाणी आलं बगा, पन्नाशीच्या माणसाच्या. आन मी सोजरकडं वाकलो, आन अगदी कानात, अगदी हळूच म्हणलो…

"सोजर! मला ऐकाया आलं गंऽऽऽ!"

चोवीस मागांच्या वरनं जाणारा आवाज हो त्यो! त्या माळावर माग एक बी न्हवता! टिटव्या उडाल्या, मेंढरं तीन दिशेला, बिरप्पा चवथ्या दिशेला! आन लांडग्यानं… एकदाच माझ्याकडं बगितलं. धागा तुटल्यावर इसूफभाई बगतो तसं. आन बांध रिकामा.

मेंढरं गोळा करून बिरप्पा आला धा वाजता. त्येच्या तोंडातलं मी हितं सांगत न्हाय. मी आपला घोंगडीत तोंड घालून बसलो. म्हणलो, "सोजर, एका वाक्यात पळाला गं."

सोजरनं भाकरी मोडली, वर चटणी घातली, माझ्या हातात दिली. म्हणली, "रानटी हाय न्हवं त्यो, म्हणून सुटला. मी बावीस वर्सं ऐकायलेय!"

मी गपगुमान भाकरी खाल्ली. जंगल बोलतं… माणसानं ऐकायचं.