नुसता तळ दिसतो

नकाशांच्या कचेरीत माझ्या पुढे एक ताई आणि तिचा धाकटा भाऊ रांगेत उभे होते.

"ही कितवी खेप, ताई?"

"चौथी. पायांचे तुकडे पडले."

"नकाशावरच्या चार टिंबांपायी."

"टिंबं म्हणजे कोरडा ओढा. म्हणून तर सोमवारी तो भराव टाकून बुजवायला येतायत. आपल्याला वाहत्या ओढ्याची सलग रेघ हवी."

"झऱ्याचा ओढा आपला. ऐन उन्हाळ्यात पोटरीभर वाहतो. कोरडा ठरवला कोणी?"

"काल आईनं सांगितलं, बाबांच्या कौतुकानंच घात केला. मोजणीदार खाली उतरलाच नाही. रस्त्यावरून ओरडला, 'ओढ्यात पाणी दिसतं का?'"

"मग?"

"बाबा म्हणाले, 'पाणी कसलं दिसतंय साहेब, नुसता तळ दिसतो!' त्यानं मान डोलावली आणि टिंबं काढली."

"धन्य!"

"वर घरी येऊन सांगतायत, साहेबाला ओढा आवडला म्हणून."

"घरी गेल्यावर बोलतोच बाबांशी."

"काही बोलू नकोस. फोटो नीट आलाय ना?"

"झकास. वारा पडल्यावर काढलाय, झऱ्याच्या तोंडापाशी. तळातला गोटा न् गोटा मोजून घे."

"चला, पुढचे कोण?"

"आम्ही, साहेब. हा अर्ज, आणि हा ओढ्याचा फोटो."

"अहो बाई, यात नुसते गोटे आहेत. पाणी कुठे दिसतंय?"

"ताई... आता?"

"आता काय! घरी चल. ओढ्यात उतर, पाय आपटून पाणी चांगलं गढूळ कर, आणि मग काढ फोटो."