खोडलेल्या ओळी

लोधीपुऱ्यातल्या टायपिंगच्या दुकानात कमलताई झेरॉक्ससाठी ताटकळत बसल्या होत्या. पुढे एक खेड्यातली बाई दुकानदाराशी बोलत होती.

“घ्या मावशी, काकांच्या वहीतल्या केळीबागेच्या सगळ्या नोंदी टाइप झाल्या. एकदम साफ.”

“त्यांचं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय! तुला लागलं कसं रे?”

“लागलं हळूहळू. खोडलेलं तेवढं सोडून दिलं.”

“काय खोडलेलं?”

“पानाखाली एखादी ओळ असायची, वर रेघ मारलेली. पाण्याचं, खताचं काही नव्हतं त्यात.”

“मग काय होतं?”

“तुमचंच काहीतरी. ‘आज धुरपदा जेवली नाही.’ असं.”

“धुरपदा लिहिलं होतं? नावानं?”

“हौ. पुष्कळदा.”

“चाळीस वर्षांत मला नावानं हाक नाही मारली रे त्यांनी. ‘अगं, ऐक’, एवढंच.”

“मग टेन्शन कायका, मावशी? गेल्या आठवड्यात नेलेली वही परत आणा, आत्ता टाइप करून देतो.”

“परवा त्यांचं वर्षश्राद्ध झालं. म्हटलं, सगळं कॉम्प्युटरात आलंय, आता वही कशाला ठेवायची? तापीत सोडली.”

“अरे देवा.”

“आठव ना रे बाबा. अजून एखादी ओळ आठव.”