कापलेले चाळीस सेकंद

—नाही नाही, बसा ना, त्या खुर्चीवरचे कागद टाका खाली — रागवा, ओरडा, तुमचा हक्कच आहे, फक्त असं दारात उभं राहून नको. पाणी? बरं, राहू दे. मी ओळखलं तुम्हाला लगेच. माझी दंगलीवरची फिल्म पहिल्यांदा दाखवली तेव्हा तिसऱ्या रांगेत तुमच्या मामींशेजारी बसला होतात, आणि मध्येच उठून गेलात. मामी नाही उठल्या. मांडीवरची पर्स घट्ट धरून शेवटपर्यंत पडद्याकडे बघत बसल्या. मी मागे उभा होतो, पुढे गेलो नाही. जायला हवं होतं का? हवं होतं.

दंगलीला तीस वर्षं झाली, एकालाही शिक्षा नाही — म्हटलं, कोर्टाला जमलं नाही ते आपण करून दाखवू. मोठा आव होता हो माझा! चार दिवस मी कॅमेरा लावून समोर बसलो, मामी नुसतं शिलाईमशीन चालवत राहिल्या. पाचव्या दिवशी पाय थांबला आणि बोलल्या — जमाव गल्लीत शिरला, नणंद नळावर गेली होती, म्हणजे तुमची आई, आणि मी आतून कडी लावली. ती धावत आली, दार बडवलं, वहिनी वहिनी म्हणून हाका मारल्या, मी कडी काढली नाही. एवढं सांगितलं त्यांनी, आणि मी काय म्हणालो माहितीये? म्हणालो, "बाहेर हॉर्न वाजला, आवाज खराब आलाय, पुन्हा एकदा सांगाल?" — आणि सांगितलं हो त्यांनी! पुन्हा, पहिल्यापासून.

मग म्हणाल्या, हे पुसून टाका. मी म्हटलं, पुसतो. कॅमेरा बंद केल्यासारखं केलं — लाल दिव्यावर आम्ही काळी चिकटपट्टी लावतो, समोरच्याला कळत नाही चालू आहे की बंद — सगळेच लावतात — जाऊ दे, सगळ्यांचं काय सांगतोय मी. चालूच ठेवला मी. आणि ज्यांनी गल्ली पेटवली ना, त्यांच्या वकिलाचं पत्र आलं, तर त्यांचे चेहरे धूसर केले. मामींना कुठला वकील? त्यांचा चेहरा पडदाभर. लोक ढसाढसा रडले. बक्षीसही मिळालं, ते बघा तिकडे — नको, नका बघू.

काय? कडी का नाही काढली? अहो, तुम्ही होतात ना मांडीवर. दोन वर्षांच्या. रडत होतात म्हणून त्यांनी तोंडावर हात दाबून — थांबा, हे तुम्हाला माहीत नाही? मामी बोलल्या नाहीत कधी? म्हणजे म्हणूनच त्या — अरे देवा. "पोरीला कळू देऊ नका, ती स्वतःलाच दोष लावून घेईल," म्हणाल्या होत्या, आणि मला वाटलं, उगाच म्हणतात.

हो, आहे ना रेकॉर्ड. चाळीस सेकंद. मीच कापले. का म्हणजे — कडी, आणि नंतरची ती शांतता, तिथे प्रसंग कसा उभा राहत होता. पुढे लहान पोर आली की पातळ व्हायचा. वहीत तसं लिहिलंयही मी, "पातळ". माझ्याच अक्षरात.

तीन आठवडे बोलला नाहीत त्यांच्याशी? एका घरात राहून?

लावतो, लावतो. हे बटण दाबा, की सुरू होईल. मी बाहेर थांबू का? … तेही नको. बरं.