शोल्गा नदीवरच्या सहा कोनशिला

उस्त-शोल्गा पोलीस ठाणे, १९ ऑगस्ट २०२१

नाव: सावेली कोंद्रात्येविच ओपारिन. वय: ७१ वर्षे. धंदा: निवृत्त ट्रॅक्टरचालक, लाकूडतोड केंद्र (केंद्र आता बंद). राहणार: मौजे ग्लुखोवो, शोल्गा नदीचा डावा काठ.

मी वर नाव लिहिलेला इसम, ठाण्यात बोलावल्यावरून स्वतः हजर झालो असून कॅप्टन मेझेंत्सेव यांनी विचारल्याप्रमाणे सांगतो की, वरील पत्त्यावर मी जन्मापासून राहतो. सध्या घरी मी आणि नातसून ताईस्या असे दोघेच आहोत. नातू रोमान उत्तरेला गॅसच्या विहिरींवर पाळीने कामाला असून तो ऑक्टोबरपर्यंत सुटत नाही. ताईस्याला नववा महिना लागला आहे. प्रसूतिगृह उजव्या काठावर आहे. शाळा, दवाखाना, पावाचं दुकान आणि हे ठाणंही उजव्या काठावर आहे. डाव्या काठावर आम्ही आहोत.

उजव्या काठाच्या खासदारसाहेबांचे सहायक व्लादिस्लाव गेर्मानोविच यांनी तक्रार दिली आहे की, नियोजित पुलाच्या कोनशिला चोरीस गेल्या. त्याबद्दल सांगतो की, त्या मी नेल्या. दिवसाढवळ्या नेल्या आणि सगळं गाव काठावर बसून बघत होतं, त्यामुळे साक्षीदार हवे तेवढे मिळतील.

कोनशिला किती आणि कुणाच्या, असं विचारल्यावरून सांगतो. पहिली १९९३ सालची. तेव्हा दोन्ही काठ एकाच मतदारसंघात होते आणि नदी ओलांडायचा आमचा तराफा नुकताच बंद पडला होता. उमेदवार लाकूड कारखान्याचे संचालक. ते बँड घेऊन आले, कोबी भरलेले पिरोग वाटले, फीत कापली आणि निवडून आले. १९९५ ला ते पडले. जे आले त्यांच्या मते पुलाची जागा चुकली होती, म्हणून त्यांनी वरच्या अंगाला दुसरी कोनशिला बसवली. १९९९ च्या साहेबांनी तिसरी खालच्या अंगाला बसवली. २००३ ची चौथी तर आरशासारखी घासलेली, पाटीवर सोनेरी अक्षरं असलेली. प्रत्येकाला आधीच्याची जागा चुकीची वाटली. पूल झालाच पाहिजे याबद्दल मात्र चौघांचं एकमत होतं. बोलाचीच कढी अन् बोलाचाच भात, पण दगड खरा होता, ग्रॅनाइटचा, दुरून मालगाडीने आणलेला. आमच्याकडे वाळू आणि दलदल आहे. दगड आमच्याकडे निवडणुकीतच येतो.

त्या २००३ च्या मतदानात ग्लुखोवोत सर्वांत जास्त मतं ‘सगळ्यांच्या विरोधात’ या पर्यायाला पडली. तेव्हा तो मतपत्रिकेवर छापलेला असे. पुढे तो काढून टाकला. त्याने आमच्यासाठी काही केलं नाही, पण खोटंही कधी बोलला नाही.

त्यानंतर मतदारसंघच रद्द झाले. मत पक्षाच्या यादीला द्यायचं, आपला असा खासदार नाही. दोन निवडणुका कुणी आलं नाही. दगड नाही की पिरोग नाहीत. थोडं चुकल्याचुकल्यासारखं झालं, हे मी नाकारत नाही.

२०१६ ला मतदारसंघ परत आले, पण नकाशा नवा होता. हद्द नदीच्या मधल्या धारेतून गेली. उजवा काठ प्रांताच्या राजधानीला जोडला. आम्हाला शेजारच्या मतदारसंघाच्या शेपटाला बांधलं, ज्याचं मुख्य शहर आमच्यापैकी कुणी पाहिलेलं नाही. तालुका एक, ठाणं एक, नदी एक, खासदार दोन. पूर्वी आम्ही समोरच्या शाळेत मतदानाला जायचो. ती आता परकी झाली, म्हणून मतपेटी आमच्या शेजारीणबाई ग्लाफिरा तिखोनोव्हना यांच्या बाहेरच्या खोलीत ठेवली. मतपत्रिका बघून ती म्हणाली, “सावेली, यातला आपला कोण रे?” मी म्हटलं, “तुझी खोली आहे, तूच सांग.”

त्या वर्षी दोन कोनशिला बसल्या, एकेक काठाला एकेक. मी दोघांनाही भेटलो. उजवीकडचे साहेब म्हणाले, “आजोबा, आमच्या हद्दीतला अर्धा पूल आम्ही बांधणारच. उरलेल्या अर्ध्याचं तुमच्या साहेबांना विचारा.” आमचे साहेब गाडीतून न उतरता म्हणाले, “आमचा अर्धा झालाच म्हणून समजा. फक्त तो पलीकडे टेकवायचा कशावर, हा प्रश्न आहे.” ग्लाफिरा बाजूलाच होती. ती म्हणाली, “दोन्ही अर्धे नदीत टेकवा, मधे आम्ही पोहून घेऊ.” साहेब हसले. त्यांना ती त्यांच्याच बाजूने बोलतेय असं वाटलं असावं.

पूल नसल्यामुळे कोणास काही इजा झाली आहे काय, असं कॅप्टनसाहेबांनी विचारलं. सांगतो की, २००४ च्या एप्रिलमध्ये माझी पत्नी क्लावदिया हिच्या छातीत दुखू लागलं. दुपारची वेळ होती. नदीत बर्फाचे तुकडे वाहत होते आणि होडी घालणं शक्य नव्हतं. रुग्णवाहिका समोरच्या काठावर येऊन उभी राहिली. डॉक्टरीणबाई खाली उतरल्या. त्यांचा पांढरा कोट मला दिसत होता. ओरडलेलं ऐकू येत नव्हतं, म्हणून त्यांनी हाताने खुणा करून विचारलं, कुठे दुखतंय. मी खुणांनी दाखवलं. त्यांनी खुणेने सांगितलं, झोपवून ठेवा. मी झोपवून ठेवलं. संध्याकाळी ती वारली. काठावर आमच्याशेजारी चौथी कोनशिला होती, तेव्हा नवीकोरी. मला त्या दगडाचा फार राग आला होता, आणि तो राग अजून गेलेला नाही.

जुलैमध्ये ताईस्याला तपासून डॉक्टर म्हणाले, रक्तदाब वाढलेला आहे, कळा सुरू झाल्या की तासाभरात इथे पोहोचली पाहिजे. सप्टेंबरात पावसाने शोल्गा फुगते आणि वरून ओंडके वाहत येतात. तेव्हा होडीत गरोदर बाई बसवायची नसते. प्रसूतिगृहात आधीच ठेवून घ्या म्हटलं, तर म्हणाले, तुमचं गाव दुसऱ्या मतदारसंघाचं, तुमच्या साहेबांचं पत्र आणा. मतदारसंघाचा आणि खाटेचा काय संबंध, हे त्यांनाही सांगता आलं नाही. मी पत्र मागितलं. अजून आलेलं नाही.

म्हणून पाणी उतरलं तेव्हा मी ट्रॅक्टरला साखळी लावून सहाही दगड पात्रात उभे केले. उजव्या काठावरचे ओढायला त्या काठाच्या लोकांनी मदत केली, त्यांची नावं मी सांगणार नाही. वाळूवर लाकडी खांब टिकत नाही, दगड टिकतो. गावच्या बंद पडलेल्या क्लबाच्या लाकडी भिंतींचे ओंडके वर टाकले. ट्रॅक्टर जातो, मी चालवून पाहिला आहे.

सहायकसाहेब आमच्या काठावर आले तेव्हा फार चिडले होते. म्हणाले, “अहो, साहेबांच्या नावावरून ट्रॅक्टर जातोय तुमचा.” मी म्हटलं, “नावावरून कसा जाईल? नावं काढून ठेवलीत.” दगडांवरच्या पितळी पाट्या सहाही पुसून माझ्या घरी कपाटावर ठेवल्या आहेत. ज्याची त्याला पावती घेऊन परत करायला मी तयार आहे. नावं द्यायला माझी ना नाही. दगड देणार नाही.

कॅप्टनसाहेबांनी मला समजुतीने सांगितलं की, निवडणूक जवळ आल्यामुळे शनिवारी उजव्या काठाचे साहेब नवीन कोनशिला बसवायला येत आहेत, जुनी शेजारी दिसली पाहिजे, तोवर दगड मूळ जागी परत ठेवले तर तक्रार मागे घेतली जाईल. मी विचार केला. ठेवणार नाही. ताईस्या बाळंत होऊन परत येईपर्यंत तर नाहीच, आणि त्यानंतरही नाही. वसंतात बर्फ फुटला की दगड हलतील, वाहून जातील. बर्फ कुठल्या मतदारसंघाचा आहे मला ठाऊक नाही, त्याच्यावर तक्रार कुठे द्यायची तेही ठाऊक नाही. शनिवारची नवी कोनशिला बसली की तिची मला गरज पडेल, हे आत्ताच सांगून ठेवतो, म्हणजे नंतर पुन्हा बोलवायचा त्रास नको.

माझ्यावर कारवाई करायची असेल तर करावी. एवढीच विनंती आहे की ताईस्याचं होईपर्यंत थांबावं, कारण गावात ट्रॅक्टर चालवणारा दुसरा कोणी नाही. न्यायला गाडी पाठवाल तर हलकी पाठवा आणि चौथ्या दगडाशी डाव्या अंगाने घ्या, तिथे ओंडका हलतो.

हा जबाब मला सावकाश वाचून दाखवण्यात आला. मी सांगितला तसाच लिहिला आहे. फक्त एका ठिकाणी ‘चोरीचा माल, सध्या नदीपात्रात’ असं लिहिलं होतं, ते माझ्या सांगण्यावरून खोडून ‘पूल’ असं केलं आहे. खोडलेल्या जागी माझी आणि कॅप्टनसाहेबांची सही आहे.

(सही) सा. कों. ओपारिन