कुर्दी चित्रपट आणि वैजापूरच्या पारूबाई

मंडळी, मागच्यांनी पुढं येऊन बसा. आज माझा आवाज चढणार नाही.

दिगंबर सर गेले. गुलमंडीतल्या खोलीत आपलं चित्रपट मंडळ त्यांनी उभं केलं. मघाशी दारातच एकजण मला म्हणाला, "ताई, आता मंडळाचं आटोपतं घ्या. सर नाहीत, तर ते कुर्दी चित्रपट कोण बघणार?"

उत्तर इथंच देते.

कुर्दी लोक चार देशांत वाटले गेले. स्वतःचा देश नाही. कुठं तर त्यांच्या भाषेवरच बंदी. पडद्यावर माणसं कुर्दी, बोलायचं मात्र दुसऱ्या भाषेत. पुढं दिग्दर्शक गावात गेले, गावकऱ्यांनाच कॅमेऱ्यासमोर उभं केलं, त्यांच्या बोलीत बोलू दिलं. आता तिथल्या मुली कॅमेरा घेऊन आपल्या आज्यांसमोर बसतात. उजाड झालेली गावं अशी टिकतात. सरांनी हे आपल्याला कशासाठी दाखवलं? करमणूक म्हणून?

सर स्वतः अठ्ठेचाळीसच्या पोलीस ॲक्शनच्या, निजामाचं राज्य गेलं तेव्हाच्या आठवणी चित्रित करत होते. वैजापूरच्या पारूबाईंना म्हणाले, "आजी, जरा शुद्ध बोला. लोक बघणार आहेत."

"मंग तुम्हीच सांगा की मास्तर. तुमालाच लई येतंय." पारूबाई पदर झटकून उठल्या. मी हसले. सर हसले नाहीत.

त्याच आठवड्यात आपण एक कुर्दी चित्रपट लावला. चुलीपुढं बसलेली म्हातारी बोलत होती. पडद्याशेजारी उभं राहून मराठीत सांगणारे सर मध्येच थांबले. मला म्हणाले, "बाई, हिला कुणी शुद्ध बोल म्हटलेलं नाही."

ते पुन्हा वैजापूरला गेले. पारूबाई बोलल्या. रझाकारांच्या भीतीनं ज्वारीत लपल्याचं सांगितलं. पोलीस ॲक्शन झाल्यावर मुसलमान मैत्रिणीचं घर कसं रिकामं झालं, तेही सांगितलं. सरांनी एक शब्द कापला नाही.

पारूबाई आता नाहीत. त्यांचं बोलणं आहे. पण कितीतरी जणींकडं अजून कुणी गेलेलं नाही. त्या आपल्यासाठी थांबतील?

मंडळ बंद होणार नाही. शनिवारी सरांनी ठरवलेला कुर्दी चित्रपट लागेल. पडद्याशेजारी मी उभी राहीन. रविवारी कॅमेरा शेंद्र्याला, तिथल्या आज्यांकडं जाईल. सरांची मुलगी मृणाल तो चालवेल. तिनं आज सकाळीच मला तसं सांगितलं.

आता उभे राहा. सरांसाठी एक मिनिट गप्प राहू. एकच. मग घरी जा, आजीला विचारा, तेव्हा काय झालं होतं. आणि ती बोलेल तोवर उठू नका.