डावीकडची गाठ

"हॅलो? …हां, ताई, बोल. …कामातच आहे, पण बोल तू."

धाकटीने यंत्रावरचा हात काढला. रुग्णांच्या अंगातून काढलेल्या गाठींचे पातळ काप काढून ते तपासणीसाठी काचेवर चढवायचे, हे तिचं प्रयोगशाळेतलं काम. ताईचा असा आवाज तिने याआधी एकदाच ऐकला होता, ताईच्या स्वतःच्या ऑपरेशनच्या आदल्या दिवशी.

"रडू नकोस, मला नीट सांग. …कोणाला? खारूला? …गाठ? कुठे? …छातीत, डावीकडे. …अगं ऐक ना, बोंडाच्या बरोब्बर खाली आहे का? …बटणासारखी. दाबलं की दुखते. …आणि उजवीकडे काहीच नाही. …हो, हो… ताई, तुझी लेक दहा वर्षांची आहे. ती वयात यायला लागलीय, दुसरं काय. …एकाच बाजूला का? पुष्कळ जणींचं तसंच सुरू होतं. दुसरी बाजू सावकाश येते, कधी कधी काही महिन्यांनी. …

"कुठून बोलतेस तू? …कसलं ऑपरेशन? …आत्ता? …आणि आपल्या डॉक्टरीणबाई काय म्हणाल्या होत्या? …काय? …थांबू या, म्हणाल्या."

धाकटीला सगळा उलगडा झाला. ताईच्या वेळीही कोणीतरी थांबू या म्हणालं होतं. ताई थांबली, आणि तेवढ्यात तिची गाठ हाताबाहेर गेली. म्हणून या वेळी तिने थांबा म्हणणाऱ्यांकडे पाठ फिरवली, दवाखान्यांचे उंबरे झिजवले आणि काढून टाकू म्हणणारा एक डॉक्टर गाठला.

"ताई, त्यांना कापू देऊ नकोस. …कारण ती गाठ नाहीये. तो तिचा स्तन आहे. आत्ता बटणाएवढाच असतो, सगळाच्या सगळा. तो काढला की पुढे तिथे काही येणार नाही. …नाही गं, पुन्हा नाही उगवत. …नाही, मी डॉक्टर नाही. पण असे तुकडे शेवटी माझ्याच टेबलावर येतात. खारूचा आला तर मी काय करायचं, ते सांग."

पलीकडे ट्रॉलीची चाकं खडखडत गेली. धाकटीने फोन कानावर इतका दाबला की कान दुखायला लागला.

"वाट बघ म्हणत नाहीये मी, तपासून घे म्हणतेय. सोनोग्राफी कर, त्यात कापाकापी नसते. लहान मुलांच्या डॉक्टरांना दाखव. आजच. मी रजा टाकून येते. …हो. …हो, तुझ्या वेळी चुकलं. पण ताई, ती म्हणजे तू नाहीस."

ताईने मग लेकीच्या वागण्याचा पाढा वाचला. दार आपटते, उलट बोलते, कारण नसताना रडते, आरशापुढून हलत नाही. दुखणं डोक्यात गेलं असावं, असं तिने ठरवूनच टाकलं होतं.

"दुखणं कसलं? तू त्या वयात माझी वेणी कापली होतीस कात्रीने. आठवतंय? …वयच तसं असतं. …तिला काय सांगितलंयस? …आजारी आहेस, एवढंच? …ताई, तिला फोन दे. …दे म्हणते ना.

"खारू? मावशी बोलतेय. …नाही गं, मरायचं काय त्यात? …नाही, आईसारखे केस नाही जायचे. तुझं अंग मोठं व्हायला लागलंय, बाळा. आधी छाती दुखते, मग उंची वाढते, काखेत केस येतात, पुढे पाळी येते. मधूनच रडू येतं, राग येतो. …हो, मलाही दुखायचं. उपडं झोपवायचं नाही मला. …वर्गातल्यांनासुद्धा. कोणी बोलत नाही, इतकंच. …मग ऑपरेशनला तू हो का म्हणालीस?"

खारूने कारण कुजबुजत सांगितलं.

"…आईचं रडणं थांबेल म्हणून?

"…खारू, आहेस ना? …कोण बोलावतंय? …नको, उठू नकोस. आई कुठाय? …काय म्हणतेय ती सिस्टरना? …नको म्हणतेय? …मोठ्याने? …अजून काय म्हणाली? …तुझा फ्रॉक कुठे ठेवलाय, असं विचारतेय?

"…मग घाल चटकन. आणि आईला सांग, मी निघाले. …ठेव."